वकीलसाहेबांची थकलेली फी

बँकेच्या वसुलीत असताना शिरोली एमआयडीसीतल्या एका फौंड्रीवाल्यानं मला चार वर्षं नाचवलं, बघा. थकलेल्या कर्जापायी फौंड्रीचा ताबा घ्यायला गेलो, की गडी नवा अर्ज करून कोर्टाचा स्टे पुढं धरायचा. वर, "पावणं, आलाय तर जेवूनच जावा की!"

एक दिवस त्याचा वकीलच माझ्या टेबलाशी येऊन बसला. म्हटलं, "आता कसला अर्ज?"

"अर्ज न्हाय, साहेब. त्यानं माझी फी बुडवली. वसूल कशी करायची?"

"मला काय विचारताय? कोर्टात जावा की!"

"गेलतो. जिंकलो पण. वसुलीवर त्यानं स्टे आणलाय."

"वकील कोण दिला?"

"कुणी न्हाय, स्वतःच उभा राहिला. माझेच जुने अर्ज उतरवून काढलेत. एक चूक न्हाय बघा!"