राहिलेलं हसू

शरणु शरणार्थी, मंडळी.

पोरींनो, अशा मागं उभ्या राहू नका, पुढं या. गिरिजाच्या या मेसमध्ये घरच्या तुम्हीच. मला सभेत बोलायची सवय नाही. त्यात धाकट्या बहिणीबद्दल बोलायचं आहे. तरी बोलतो.

आधी मनातलं सांगतो. गिरिजा गेली आणि मला सुटल्यासारखं वाटलं. या दुखण्यात फार सोसलं तिनं. परवा सकाळी तिच्या कपाळावरची आठी गेली, तेव्हा मी महादेवाला हात जोडले. कुणी काय म्हणायचं ते म्हणा.

तुमच्यातल्या कितीजणींना ठाऊक आहे, तुमच्या गिरिजाताई लहानपणी सिनेमात होत्या? भूकंपात आमची आई गेली. गिरिजा तेव्हा दुसरीत. पुढं भूकंपानंतरच्या पत्र्याच्या शाळेत शूटिंगवाले आले. त्यांना रडणारी पोरगी पाहिजे होती. गिरिजाला रडायला शिकवावं लागलं नाही. मग दुसरा सिनेमा, मग मुंबईला टीव्हीच्या मालिका. सगळीकडं रडणारी पोरगीच. आमचे वडील, आप्पा, सोबत जायचे. निलंग्याच्या स्टँडवर लोक म्हणायचे, "आप्पा, पोरगी लई नाव काढायलीय!" आप्पांना बरं वाटायचं. का वाटू नये?

एका मालिकेत तिला मरायचं होतं. सुट्टीत मीही गेलो होतो. शूटिंगवाल्यांची एक रीत असते. मेल्याचा शॉट झाला की नटानं उठायचं आणि कॅमेऱ्याकडं बघून हसायचं. त्यानं अपशकुन टळतो म्हणतात. गिरिजा उठून बसली. सगळे म्हणाले, "हस बेटा, हस!" ती हसेना. मग तिनं विचारलं,

"आप्पा, आपल्या आईला कुणी हस म्हणलंच न्हाई का?"

आप्पांनी तिच्या गळ्यातला हार काढला. म्हणाले, "बास. घरी चल." मालिकावाल्यांनी खूप विनवलं. आप्पा थांबले नाहीत.

गावात पोरं चिडवायची, "ए हिरॉईन, रडून दाखव की!" ही म्हणायची, "दुकान बंद झालंय."

पुढं लातुरात क्लासेस वाढले, गावोगावच्या पोरी आल्या, गिरिजानं ही मेस काढली. टेस्टला मार्क कमी पडले की कुणीतरी ताटावर रडत बसायची. मग आमची गिरिजा काय म्हणायची? "ए बाई, रडायचे पैसे घेतलेत मी. तू फुकट कशाला रडायलीस? भाकर घे." आणि ती पोरगी नाक पुसत हसायची. आठवतं ना?

मला मात्र एक घोर होता. सगळ्यांना हसवणारी ही, स्वतः कधी मोकळी हसली का? का त्या दिवशीचं हसू राहूनच गेलं?

काल तुम्ही हा फोटो आणला. पिठाचे हात, डोळे मिटलेले, तोंडभर हसू. आमचे मामा म्हणाले, "शोकसभेला असला फोटो? आधार कार्डावरचा लावा." मी म्हणालो, "मामा, हाच राहू द्या." काल रात्री मला झोप लागली.

आता उभे राहू. दोन मिनिटं शांत राहू. मग एकेकानं फूल वाहावं आणि तिच्याकडं बघून हसावं. तिच्या कामातली रीत आहे ती. आईच्या वाटचं मी हसेन.

गिरिजा, तुझं हसून झालंय. आमचं तेवढं राहिलंय.

शरणु.