डावं वृक्क, दुसरा मजला

सुहासिनी : सही मी करणार नाही, हे मंगळवारीही सांगितलं होतं. चहा ठेवलाय, तेवढा पी आणि जा.

सर्वेश : बाई, आज सहीसाठी नाही आलोय.

सुहासिनी : गळ्यात बिल्डरचं ओळखपत्र आहे. काखेत पुनर्विकासाच्या संमतिपत्रांची फाइल आहे.

सर्वेश : ते परत बाळकुमला ऑफिसात जायचंय म्हणून. तुमच्या दारावर पाटी आहे ना, 'प्रा. सुहासिनी टिळेकर, प्राणिशास्त्र'. चार महिने वाचतोय मी ती. तुम्ही दार उघडेपर्यंत दुसरं काही वाचायला नसतं. आज म्हटलं, यांना किडनीचं माहीत असेल.

सुहासिनी : कोणाच्या?

सर्वेश : माझ्या बाळाच्या.

सुहासिनी : केवढं आहे?

सर्वेश : वजा साडेचार महिने.

सुहासिनी : बस. नाही, त्या खुर्चीवर नको, तिथे प्लास्टर पडतं. इकडे.

सर्वेश : संचिताला, म्हणजे मिसेसला, पाचवा चालू आहे. काल ठाण्याला सोनोग्राफी झाली. रिपोर्ट आज सकाळी मी एकट्याने आणला. तिने फोन केलेला, कसा आहे म्हणून. मी म्हटलं, झकास.

सुहासिनी : आणि कसा आहे?

सर्वेश : ते मी नंतर वाचलं.

सुहासिनी : मग नंतर परत फोन करायचा.

सर्वेश : ती कळव्याला क्लासमध्ये शिकवते. साडेपाचला सुटते. आता पावणेपाच झालेत. त्याच्या आत मला समजलं पाहिजे काय झालंय, नाहीतर मी तिला काय सांगू? डॉक्टर गुरुवारी भेटणार. गुरुवारपर्यंत मी झकास झकास करत नाही राहू शकत.

सुहासिनी : दाखव. हं. उजवं वृक्क नेहमीच्या जागी, आकार योग्य. डाव्या वृक्काची जागा रिकामी.

सर्वेश : तेच. वृक्क म्हणजे?

सुहासिनी : मूत्रपिंड.

सर्वेश : आणि मूत्रपिंड म्हणजे किडनीच ना?

सुहासिनी : किडनीच.

सर्वेश : मग तीन नावं कशाला?

सुहासिनी : नावं तीन हा वेगळा विषय. वृक्कंही तीन असतात.

सर्वेश : दोन असतात, बाई.

सुहासिनी : तीन जोड्या. एकीनंतर एक. सगळ्या पृष्ठवंशी प्राण्यांचा गर्भ याच वाटेने जातो. पहिलं पूर्ववृक्क. चौथ्या आठवड्यात मानेपाशी तयार होतं. माणसात ते काहीही काम करत नाही आणि नाहीसं होतं.

सर्वेश : नारळ फोडला, बोर्ड लावला, पुढे काही नाही.

सुहासिनी : मग त्याच्या खाली मध्यवृक्क. ते मात्र थोडे आठवडे खरोखर काम करतं. मग तेही विरघळतं.

सर्वेश : ट्रान्झिट.

सुहासिनी : काय?

सर्वेश : ट्रान्झिट कॅम्प. नवीन बिल्डिंग होईपर्यंत माणसांना ठेवतो तो. म्हणजे तिसरं जे आहे ते पझेशन.

सुहासिनी : तिसरं पश्चवृक्क. ते कायमचं. पण मध्यवृक्क मोडायच्या आधीच त्याची उभारणी सुरू झालेली असते.

सर्वेश : पाडकाम आणि बांधकाम एकाच वेळी?

सुहासिनी : एकाच वेळी.

सर्वेश : आणि रहिवासी आत?

सुहासिनी : रहिवाशाचंच चाललेलं असतं सगळं.

सर्वेश : आम्हाला नाही मिळणार अशी परवानगी.

सुहासिनी : मासे आणि बेडूक तर मध्यवृक्कावरच जन्म काढतात. पश्चवृक्क त्यांना होतच नाही.

सर्वेश : त्यांना पझेशन दिलंच नाही?

सुहासिनी : त्यांनी मागितलं नाही. या शब्दांवरून आमच्या कॉलेजच्या परिभाषा मंडळात काय वाद झालेले माहितीये? 'पश्च' म्हणजे शरीरात मागचं की काळाने नंतरचं. मी म्हणत होते नंतरचं. सखाराम सर म्हणत होते मागचं. तीन बैठका झाल्या. चौथ्या बैठकीला सर आले नाहीत, म्हणून ठराव झाला.

सर्वेश : काय ठराव झाला?

सुहासिनी : शब्द ठेवायचा. अर्थ ज्याने त्याने घ्यायचा.

सर्वेश : बाई, मला टेन्शन आलंय आणि तुम्ही मला मीटिंगचं सांगताय.

सुहासिनी : क्रमाने सांगतेय. मध्यवृक्क जातं तेव्हा त्याची नळी मात्र सगळ्यांत जात नाही. मुलग्यात ती राहते आणि दुसऱ्या कामाला लागते. मुलीत नाहीशी होते.

सर्वेश : म्हणजे त्यावरून कळतं का की...

सुहासिनी : तो प्रश्न विचारायचा नाही.

सर्वेश : मी नाही विचारला.

सुहासिनी : मीही ऐकला नाही.

सर्वेश : थांबा, मला जरा मांडू दे. पहिली जोडी गेली. दुसरी जोडी गेली. आणि तिसऱ्या जोडीतल्या डावीची जागा रिकामी. म्हणजे सहा मिळालेल्या, त्यातली एक उरली. आलो तेव्हा एकच कमी होती, बाई. तुमच्याकडे बसल्यापासून आणखी चार गेल्या.

सुहासिनी : तसं म्हटलं का मी?

सर्वेश : मग काय म्हटलं? मला खरंच नाही कळलं. मी हे तिला कसं सांगू? ती रोज पोटावर हात ठेवून त्याच्याशी बोलते. आज काय भाजी केली ते सांगते त्याला. तिला सांगू, त्याचं ट्रान्झिट पाडलं?

सुहासिनी : चहा घे आधी. त्यात साखर आहे.

सर्वेश : घेतो.

सुहासिनी : आता ऐक. पश्चवृक्क एकट्याने होत नाही. खाली, ओटीपोटात, पेशींचा एक गोळा बसलेला असतो. तो मध्यवृक्काच्या त्या नळीला हाक मारतो. नळीला अंकुर फुटतो आणि गोळ्यात शिरतो. मग अंकुर गोळ्याला सांगतो, तू वृक्क हो. गोळा अंकुराला सांगतो, तू फांद्या फोड. दोघांचं जमलं तर वृक्क होतं.

सर्वेश : आणि एकाने नाहीच म्हटलं तर?

सुहासिनी : तर त्या बाजूला काहीच होत नाही.

सर्वेश : ...तुमच्याबद्दल नव्हतो म्हणत मी.

सुहासिनी : मला खालचा मजला हवा, एवढंच माझं म्हणणं आहे. गुडघे गेलेत माझे. तुम्ही मला अकरावा देता आणि वर त्याला अपग्रेड म्हणता.

सर्वेश : सगळे वरचा मागतात, बाई. आमच्या फॉर्मवर 'वरचा मजला का हवा' एवढाच रकाना आहे. खालचा मागणारं कोणी भेटलंच नव्हतं.

सुहासिनी : असो. झालेलं वृक्क तिथे राहत नाही. ओटीपोटातून वर सरकत जातं. सहाव्या ते नवव्या आठवड्यात बरगड्यांपर्यंत पोचतं. वर जाताना दर टप्प्यावर नवी रक्तवाहिनी घेतं, जुनी सोडतं.

सर्वेश : दर मजल्याला नवीन कनेक्शन.

सुहासिनी : म्हणजे जागा रिकामी दिसली तर दोन शक्यता. एक, वृक्क झालंच नाही. दोन, झालं, पण वर चढलं नाही. आणि समजा झालंच नसेल, तरी दुसरं धड असलं की एका वृक्कावर माणसं नव्वदी गाठतात. आमच्या प्रयोगशाळेतल्या रमाबाईंना एकच होतं. पन्नाशीत क्ष-किरण काढले तेव्हा कळलं. तोवर दोन्हीचं काम एकाने केलं आणि त्यांना पत्ताही नाही.

सर्वेश : हे तुम्ही सुरुवातीला का नाही सांगितलं?

सुहासिनी : सुरुवातीला पूर्ववृक्क येतं.

सर्वेश : बाई, दोनमधली कुठली शक्यता?

सुहासिनी : ते रिपोर्टात असायला हवं. एवढंच आहे? खाली डॉक्टरांची स्वाक्षरी नाही, शिक्का नाही. अरे, इथे कोपऱ्यात लिहिलंय, दोनपैकी पान एक.

सर्वेश : असेल. म्हणजे एक आहे ना.

सुहासिनी : दुसरं कुठे आहे?

सर्वेश : एवढंच होतं फाइलमध्ये.

सुहासिनी : अर्धा तास मी शिकवतेय आणि कागद पुरता वाचलाच नाही. माझ्या नोकरीतली सगळी वर्षं ही अशीच गेली. रिपोर्ट घेतल्यावर तू कुठे गेलास? आठव.

सर्वेश : तिथून ऑफिसात, फाइल उघडलीच नाही. मग दुपारी इथे. खाली पहिल्या मजल्यावर, दौलतकाकांकडे. त्यांना कराराचा मसुदा दिला, सोळा पानांचा. फाइलमधून काढला आणि... एक मिनिट.

(दार उघडंच असतं. दौलत म्हसकर हातात कागदांचा गठ्ठा घेऊन आत येतात.)

दौलत : दार उघडं दिसलं. बाईंचं दार उघडं म्हणजे एकतर गॅस लीक, नाहीतर सही झाली. अरे, तू इथेच हायस? बरं झालं. हे घे, तुझं काम करून टाकलं. सगळ्या पानांवर खाली सही केली, तू सांगितलेलं तशी. सतराच्या सतरा.

सर्वेश : सोळा होती, काका.

दौलत : सतरा हायत. मोजून केल्यात.

सुहासिनी : दौलतराव, वाचलं होतंत का सतरावं पान?

दौलत : वाचलं ना. कळलं नाही. पण बाकीची सोळापण कळली नव्हती. एकाला वेगळा न्याय कशाला? वर काळापांढरा फोटो होता. म्हटलं, पार्किंग असेल.

सर्वेश : काका, ते माझं बाळ आहे.

दौलत : पार्किंगमध्ये?

सुहासिनी : द्या इकडे. चष्मा कुठे गेला माझा?

दौलत : डोक्यावर हाय.

सर्वेश : वाचा, बाई. क्रमाने नको, काय ते एकदम सांगा.

सुहासिनी : डावं वृक्क ओटीपोटात, मूत्राशयाच्या वर दिसतं. आकार वयाला योग्य. मूत्राशय भरलेलं. गर्भजल पुरेसं. आपल्या डॉक्टरांना दाखवावे. आणि त्याखाली, दौलत गोविंद म्हसकर.

सर्वेश : म्हणजे?

सुहासिनी : म्हणजे झालंय. वर चढलं नाही, एवढंच. निघालं तिथेच राहिलं.

सर्वेश : आणि काम?

सुहासिनी : बरेचदा ते खाली राहूनही नीट काम करतं. आता याचं कसं आहे, पुन्हा कधी बघायचं, जन्मानंतर काय तपासायचं, हे गुरुवारी डॉक्टरांना विचार. ते सांगतील ते खरं. मी आयुष्यभर बेडूक शिकवले.

दौलत : मला कोणी सांगेल का, कोण चढलं नाही?

सर्वेश : माझ्या बाळाची किडनी, काका. वर जायची होती, ती खालीच राहिली.

दौलत : मग तिथे जागा हाय ना तिला? राहूदे की. आमचा बाबल्या मुंबईला जायचा म्हणून देवगडवरून निघालेला, तो पनवेलला उतरला. तीस वर्षं झाली. मस्त चाललंय त्याचं.

सर्वेश : हे मी संचिताला सांगू शकतो.

सुहासिनी : बाबल्याचं सांगू नकोस.

सर्वेश : मग कसं सांगू? पाच पंचवीस झालेत.

सुहासिनी : पहिल्यांदा, सकाळी वाचायच्या आधी झकास म्हटलं, हे कबूल कर. मग सांग, दोन्ही आहेत. मग सांग, डावी खाली आहे. पूर्ववृक्कापासून सुरू करू नकोस.

सर्वेश : नाही करत.

दौलत : आणि ह्या सतराव्या पानाचं काय? माझी सही रद्द करायची का? मग मला पहिल्यापासून सगळ्या परत करायला लागतील. हात दुखतो माझा.

सुहासिनी : राहू द्या. सर्वेश, तुझ्या त्या फॉर्मवर खालच्या मजल्याचा रकाना नाही ना?

सर्वेश : नाही. मी पेनाने काढतो. कारण काय लिहू?

सुहासिनी : गुरुवारी ये. डॉक्टर काय म्हणाले ते आधी सांग, मग कारणाचं बघू. येताना फाइल आणलीस तरी चालेल.

दौलत : बाई, सही करताय?

सुहासिनी : फाइल आणलीस तरी चालेल, एवढंच म्हटलं मी.

सर्वेश : शू. लागला फोन... हॅलो. संचिता, सुटलीस का? ...नाही, स्टेशनला नाही, कोपरलाच आहे अजून, टिळेकर बाईंकडे. ऐक ना, सकाळी मी झकास म्हटलेलं, ते न वाचता म्हटलेलं... हो. गाढव आहे... नाही, नाही, आहेत. दोन्ही आहेत. डावी जरा खाली बसलीय, वर चढलीच नाही... हो, तिथेही करते बरेचदा काम. गुरुवारी विचारायचंय. आपण दोघं जाऊ... मी नाही घाबरलेलो... बरं, घाबरलेलो... रडू नकोस ना... हसतेयस? मग ठीक आहे... फोटो पाठवलाय बघ पानाचा, वाच तू. पूर्ण वाच... आला? ...खाली सही? ती दौलतकाकांची... नाही, डॉक्टर नाहीत. पहिल्या मजल्यावर राहतात... काही नाही गं. त्यांची हरकत नाही.