रेलिंगवरचा कोट

नाही नाही काका, पावती शोधू नका, पावती नसली तरी चालेल — तुमचा कोट मी डोळे मिटूनही ओळखीन. तो काय, दांडीवर शेवटून तिसरा, राखाडी. बसा ना. स्टुलावर नको, ते डुगडुगतं, इकडे खुर्चीवर बसा. बाबा वर झोपलेत, हल्ली दुपारी झोपतात, संध्याकाळीही झोपतात. आई मागे आहे, मशीनपाशी, आणि ते मशीन चालू असलं की तिला काही ऐकू येत नाही, तेव्हा आपण नेहमीच्या आवाजात बोलू शकतो. मला ओळखलंत ना? त्या दिवशी तुमचा फोन मीच घेतला होता. ‘उद्या सकाळी घालून जायचंय, आजच घरी पोचवाल का’ — असं तुम्ही म्हणालात, आणि मी म्हटलं, चारपर्यंत पोचतो काका, दादा घेऊन येईल. दादा म्हणजे माझा भाऊ. आता सगळ्या शहराला माहीत आहे माझा भाऊ कोण ते, पण तेव्हा नव्हतं, म्हणून सांगितलं होतं.

काढते, काढते, घाई आहे का? थांबा, कव्हर काढून दाखवते, तुम्ही बघून घ्या. पोलिसांनी आठ महिने ठेवला होता, गेल्या आठवड्यात परत दिला — तुम्हाला नाही, आम्हाला, कारण कॉलरच्या आत आमच्या लॉन्ड्रीची चिठ्ठी टाचलेली होती. मी तो परत धुतलेला नाही. हात पण लावला नाही. तरी बघा — अस्तर बघा, खालची कड बघा, ही बाही बघा. कुठे धुळीचा कण आहे? लोकरीचा कोट आहे, काका, लोकर सगळं धरून ठेवते, जमिनीला नुसता टेकला असता तरी मला कळलं असतं, मी अकरा वर्षांची असल्यापासून कोटांना ब्रश मारतेय. आणि पोलिसांच्या कागदावर काय लिहिलंय माहितीये? ‘संशयिताच्या हाती त्याच्या ऐपतीबाहेरचा कोट आढळला. कोट टाकून हात वर करण्यास सांगितले असता संशयिताने आदेश धुडकावला व पाठ फिरवली.’ पाठ फिरवली. हो, फिरवलीच असणार. मला तर दिसतंय डोळ्यांसमोर, मी तिथे नव्हते तरी.

आमच्याकडे एक नियम आहे — नियम कसला, बाबांचं वेड आहे — गिऱ्हाइकाचा कपडा जमिनीला लागता कामा नये. काहीही होवो. एकदा दादा जिन्यावरून घसरला, ढोपर फुटलं, आणि दोन्ही हात वर, हातात कुणाचे तरी सहा शर्ट, एकालाही सुरकुती नाही. बाबांनी आधी शर्ट घेतले मग त्याला उठवलं. आम्ही किती हसलो होतो त्यावर. तर अशा मुलाला कुणी म्हणालं, कोट खाली टाक — तो टाकेल? बूट, वर्दी, काठी, काही असो समोर, त्याचा हात आधी टांगायला जागा शोधणार. तो विचार करून नाही करत ते, अंगवळणी पडलंय. तुमच्या पायऱ्यांना ते लोखंडी रेलिंग आहे ना, टोकाला गोल वळलेलं? तिथे अडकवला त्याने. वळून, नीट, हॅंगरचं तोंड आतल्या बाजूला करून. त्याला फार तर तीन सेकंद लागले असतील. त्या तीन सेकंदांचं नाव त्यांनी ‘आदेश धुडकावला’ ठेवलं.

बाबा मला काय म्हणतात माहितीये? म्हणतात, मी शिकवलं त्याला. जेवताना मध्येच, घास हातात — मी शिकवलं. आई म्हणते, अहो जेवा.

नाही, तुम्ही बसा, मी काही रडत नाहीये. मी घरातली सगळ्यात कमी रडणारी. मला शाळेत एवढं ऐकून घ्यायची सवय आहे — वर्गात माझ्या रंगाची मी एकटी, पहिल्या दिवसापासून, कुणाचं काही हरवलं की सगळी डोकी आधी माझ्या दप्तराकडे वळतात आणि मग ते रबर त्यांच्याच खिशात सापडतं आणि कुणी सॉरी म्हणत नाही. दादा म्हणायचा, तू जिभेला धार लाव. मी लावली. तो मात्र हसून सोडून द्यायचा. रस्त्यात त्याला महिन्यातून दोनदा तरी अडवायचे, पिशवी उघड, खिसे दाखव — तो इस्त्रीचे कपडे एकेक करून दाखवायचा आणि वर म्हणायचा, साहेब, तुमचीही वर्दी द्या कधी, कडक करून देतो. स्वतःचा शर्ट मात्र नेहमी चुरगळलेला. म्हणायचा, मीच कडक दिसलो तर गिऱ्हाईक कपड्यांकडे बघेल कशाला. एकोणीस वर्षांचा होता. स्वतःवर भारी खूश असायचा.

तुम्हीसुद्धा काका — राग मानू नका हं — तुम्ही इतकी वर्षं येताय, नेहमी नीट बोलता, कधी आवाज चढवला नाहीत, पण बाबांशी बोलताना तुम्ही एकेक शब्द सुटा सुटा करून बोलायचात. ‘हा — डाग — निघेल — का.’ बाबा याच शहरात जन्मलेत. ते घरी तुमची नक्कल करायचे, आम्ही लोळायचो हसून. तेव्हा आम्हाला ते गमतीचं वाटायचं. तुम्ही वाईट आहात असं मला कधीच वाटलं नाही, त्यांच्यात बरे तुम्हीच, असं आई आजही म्हणते. आई तुमच्या दारात आली होती ना, गेल्या महिन्यात? तुम्ही म्हणालात, बघतो. ती घरी येऊन म्हणाली, ते येणार आहेत. मी म्हटलं, आई, ते बघतो म्हणालेत. ती म्हणाली, चांगला माणूस असाच बोलतो, आधी मोठ्या बाता मारत नाही. तेव्हापासून तिचा सगळा जीव या गुरुवारवर टांगलाय. सुनावणी अकराला आहे. वकीलबाई म्हणाल्या, आपल्या बाजूने पाहणारा एकच माणूस आहे, ज्याच्या पायऱ्यांवर हे झालं तो. ते तिघे पोलीस एकमेकांचं ऐकून एकच सांगणार. कुणीतरी बाहेरच्याने सांगायला हवं की मुलाने कोट टांगला, कुणाच्या अंगावर गेला नाही, आणि तिघांनी त्याला पालथा पाडून मारलं आणि मग त्याच्या पाठीवर बसून राहिले. सात मिनिटं. डॉक्टरांनी लिहिलंय, दबावाने श्वास गेला.

काय? — आतल्या खोलीत होतात? — हो का.

काका, तुमचा दुसरा फोन पण मीच घेतला होता.

तुम्ही विसरला असाल. मी नाही विसरले. चार वाजून गेले होते, मी इथेच उभी होते, एका पॅंटला ओलं फडकं लावून इस्त्री फिरवत होते, आणि तुम्ही म्हणालात — शब्द न् शब्द सांगते — ‘अगं, तुमच्या मुलाला बाहेर पोलिसांनी धरलंय काहीतरी. माझा कोट रेलिंगला लटकतोय. मी घेऊ का तो आत, की पोलीस नेतील?’ आणि मी काय म्हणाले? मी म्हटलं, घ्या ना काका, आणि दादाला म्हणावं लवकर ये, अजून दोन घरं राहिलीत. आणि फोन ठेवून पॅंटची दुसरी बाजू इस्त्री केली. मला वाटलं नेहमीचं, खिसे दाखवेल आणि येईल. तुम्ही तर खिडकीत होतात, त्याशिवाय रेलिंगला कोट लटकतोय हे कसं दिसलं? तुम्हाला दार उघडून फक्त एवढं म्हणायचं होतं — तो कोट माझा आहे, हा लॉन्ड्रीतला मुलगा आहे. दार उघडलं असतंत तर — जाऊ दे. जाऊ दे, मी ठरवलं होतं की हे बोलायचं नाही. आई म्हणाली होती, ते आले तर त्यांना टोचून बोलू नकोस.

तुम्ही घाबरलात, त्यात काय आहे एवढं. माणूस घाबरतो. माणूस चुकीचं बोलून जातो. मी सांगू का, मी काय केलंय? हे आईला माहीत नाही. बाबांना तर नाहीच. त्याच संध्याकाळी एक पोलीसबाई आली होती इथे, याच खुर्चीवर बसली, तुम्ही बसलात तिथेच. फार गोड बोलत होती. आई-बाबा दादाला शोधायला ठाण्यावर गेले होते, मी एकटी. तिने पाणी मागितलं, मला शाळेचं विचारलं, मग म्हणाली, तुझा भाऊ घरी कसा वागतो गं? चिडतो का? मला वाटलं, भांडणबिंडण झालंय, खरं सांगितलं तर सोडतील लवकर. मी म्हटलं, हो, चिडतो कधी कधी. ती म्हणाली, म्हणजे कसा? आणि मी — मदत करायची म्हणून हो — म्हटलं, एकदा हॅंगर फेकला होता भिंतीवर. कारण मी एका साहेबांच्या शर्टाची कॉलर जाळली होती आणि बाबा ओरडले त्याला. तारेचा हॅंगर, काका. फेकला आणि मग तोच हसायला लागला, कारण तो वाकडा होऊन बरोबर खिळ्याला जाऊन अडकला. हे सगळं मी सांगितलं तिला. तिने त्यातलं काय लिहिलं? ‘मृताच्या बहिणीच्या जबाबानुसार मृत संतापी होता व वस्तू फेकत असे.’ मृताच्या. ती आली तेव्हा दादाला जाऊन दोन तास झाले होते. तिला माहीत होतं. तिने मला न सांगता विचारलं.

गुरुवारी ते वाचणार आहेत, मोठ्याने, आईसमोर. वकीलबाई म्हणाल्या, तू उभी राहा आणि दुरुस्त कर. मी करणार आहे. म्हणून मी म्हणते, तुम्हीही या. तुम्ही पण दुरुस्त करा. एकाने केलं की दुसऱ्याला सोपं जातं. तुमचं फक्त पाच मिनिटांचं काम आहे. हवं तर मी तुमच्या शेजारी बसेन, वकीलबाईंना विचारते चालतं का.

काय झालं? असे का बघताय?

लिहून दिलंत? — कधी? — सोमवारी. म्हणजे आई तुमच्याकडे आली त्याच्यानंतर. सही करून? आणि काय लिहिलंत त्यात, आतल्या खोलीत होतो, काही पाहिलं नाही? अजून काय? — बोला ना. — ‘आरडाओरडा ऐकू आला.’ कुणाचा आरडाओरडा, काका? तो ओरडत होता म्हणे. मान्य आहे, ओरडत असणार. काय ओरडत होता ते लिहिलंत का? नाही. ते त्यांनी विचारलं नाही, आणि तुम्ही सांगितलं नाहीत.

हो, कळलं, तुम्हाला त्या गल्लीत राहायचंय. आम्हालाही इथेच राहायचंय. कळलं, तुमच्या जावयाची नोकरी. कळलं, वय झालं. सगळं कळतंय मला, मी काही लहान नाही. पण तुमच्यात आणि माझ्यात एक फरक आहे. मी जे बोलले ते सोळाव्या वर्षी बोलले, आणि मला कुणी सांगितलं नव्हतं की तो मेलाय. तुम्हाला माहीत होतं. आठ महिने माहीत होतं आणि मग तुम्ही शांतपणे बसून सही केलीत.

आणि आज कोट न्यायला आलात. खरंच कोटासाठीच आलात? की कुणीतरी म्हणावं, जाऊ द्या काका, काही हरकत नाही — त्यासाठी? ते मी नाही म्हणणार. मी कोट देईन, कव्हर घालून, हॅंगरसकट. गिऱ्हाईक आहात.

मशीन बंद झालं.

बसा. उठू नका. आता जाऊ नका तुम्ही — आत्ता गेलात तर हे मला सांगावं लागेल तिला, आणि मी नाही सांगणार. मी या घरात आठ महिने प्रत्येक वाईट बातमी सांगतेय. आई-बाबा ठाण्यावरून हात हलवत परत आल्यावर तिथून फोन आला तो मी घेतला, बाबांना मी सांगितलं, शाळेत मी सांगितलं, हॅंगरचं अजून सांगायचंय. हे एक तुमचं आहे.

आई, बघ कोण आलंय. — हो, तेच, कोटवाले काका. — अगं हात पूस आधी, ओले आहेत. — नाही, त्यांना चहा नकोय. त्यांना गुरुवारचं काहीतरी सांगायचंय तुला. — हो, गुरुवारचंच. ये, इथे बस, स्टूल मी धरते.

बोला, काका. मी मध्ये बोलणार नाही.