मेलेल्या कारकुनाची बढती

दादाच्या मागून नोकरीला लागलेला अव्वल कारकून झाला, मग दादा काहून नाही? अकोल्याच्या कचेरीत याचं उत्तर मला कोणीच दिलं नाही. दादाने अमरावतीच्या कमिशनर साहेबाकडे दावा लावला आणि निकालाआधीच तो वारला.

दहाव्याला कावळा पिंडाला शिवेना. मी ओरडलो, "दादा, तुले अव्वल कारकून करतोच!" कावळा लगेच शिवला.

कापसाच्या गाडीवर बसून तडक अमरावती गाठली. साहेबासमोर शिरस्तेदार खेकसला, "मेलेल्याले बढती कायले पायजे बे?"

"कावळ्यादेखत शब्द देला, साहेब. आता मोडू कसा?"

साहेब हसला, पण दावा वाचून त्याने दादा जिवंत असतानाच्या तारखेपासून बढती दिली.

मग अकोल्याच्या पट्टेवाल्याला मी भर कचेरीत पुकारा करायला लावला, "अव्वल कारकून केशवराव हाजिर हो!"

सारी कचेरी दचकून उभी राहिली. दादाच्या वतीने मीच ओरडलो, "हाजिर!"