चार नंबरचा प्लॉट आणि माझं खुरपं

आजच्या समारंभाचे अध्यक्ष आणि आपल्या वनस्पती उद्यानाचे नवे संचालक साहेब, व्यासपीठावरचे सन्माननीय पाहुणे, ज्यांच्यासाठी आपण जमलो त्या आपल्या सगळ्यांच्या बाई, त्यांचे यजमान, आणि खुर्च्या कमी पडल्यामुळे भिंतीला टेकून उभे असलेले माझे माळीबांधव, सर्वांना नमस्कार.

पाहुण्यांनी मघाशी सांगितलं, की बाईंनी इथे वीस वर्षं संशोधन केलं. क्षमा असावी, एकवीस वर्षं आणि चार महिने. मी त्यांच्या आधी आठ महिने इथे मुकादम म्हणून लागलो, त्यामुळे आकडा पक्का आहे. माझी शाळा नववीपर्यंत. पुढचं वनस्पतीशास्त्र मी शब्दकोश मांडीवर घेऊन एकट्याने वाचलं. हे मी अभिमानाने सांगतो, आणि गरज नसताना सांगतो, असं आमच्या सौभाग्यवतींचं मत आहे. त्या दुसऱ्या रांगेत बसल्या आहेत आणि आत्ताच घड्याळावर बोट ठेवतायत.

मला पाच मिनिटं मिळाली आहेत, कामं दोन आहेत. एक, बाईंना निरोप. दुसरं माझ्या खिशात आहे. हे पत्र काल मिळालं. वाचतो. ‘मागील उतारावरील वाळलेली काटेरी झुडपे सोमवारी समूळ काढून जागा स्वच्छ करावी.’ खाली साहेबांची सही. साहेब, आपला हुकूम मला मान्य. पण आज शुक्रवार आहे, आणि तूर्तास माईक माझ्या हातात आहे!

आज जिथे सावली आहे, तो उतार तेव्हा नुसता दगडांचा होता. तव्यासारखा तापायचा. तिथे तग धरून होतं एकाच जातीचं झुडूप, बोटभर काट्यांचं. त्याचं शास्त्रीय नाव मला तोंडपाठ आहे, पण आम्ही त्याला ‘ओरबाड्या’ म्हणतो. का म्हणतो, ते आमच्या सदऱ्यांना विचारा. बाईंनी तिथे आठ प्लॉट आखले, प्रत्येकात झाडांची चाळीस रोपं लावली. आणि कुठे लावली? ओरबाड्याच्या बुंध्याशी, काट्यांच्या आत! मी मनात म्हटलं, बाई शिकलेल्या आहेत खऱ्या, पण बागकामाचा गंध नाही. दोन झाडं इतकी चिकटून लावली, तर ती पाण्यासाठी एकमेकांच्या उरावर बसणार नाहीत तर काय?

पहिल्याच उन्हाळ्याच्या तोंडावर बाई चार दिवस परिषदेला गेल्या. मी ठरवलं, आल्यावर त्यांना खूश करायचं. खुरपं घेतलं आणि चार नंबरचा प्लॉट साफ केला. अडीच दिवस, एकट्याने. ओरबाड्या मुळासकट उपटला, कडेने चुन्याची रेघसुद्धा मारली. रोपं कशी, परेडला उभी राहावीत तशी दिसत होती. बाई आल्या तशा मी त्यांना तिथे घेऊन गेलो.

“बाई, बघा. आरसा केलाय आरसा!”

बाई एका दगडावर बसल्या.

“झुडपं किती उपटली?”

“एकूण एक.”

“खुरपं द्या इकडे, मुकादम.”

मी दिलं. बक्षीस देतील असं वाटलं होतं, खुरपं गेलं.

“आता रोज सकाळी यायचं,” त्या म्हणाल्या, “आणि प्रत्येक रोप मोजायचं. चार नंबरमधलं आणि शेजारच्या पाच नंबरमधलं. जमेल?”

न जमायला काय झालं? मी मोजलं. मातीत थर्मामीटर खोचून दुपारी बारा आणि तीनला तापमान घेतलं. उघड्या मातीत पारा असा चढायचा, की मीच दोनदा थर्मामीटर बदलून पाहिला. उन्हाळा संपला तेव्हा पाच नंबरमध्ये, काट्यांच्या आत, चाळीसपैकी एकोणतीस रोपं जिवंत होती. माझ्या आरशात किती असावीत? दोन! अडतीस मेली.

बाईंनी अहवालात लिहिलं, ‘चौथा प्लॉट तुलनेसाठी साफ केलेला.’ तुलनेसाठी! खरी गोष्ट आम्हा दोघांनाच ठाऊक होती. आज तुम्हा सगळ्यांना झाली.

पण मीही हार मानणाऱ्यातला नव्हतो. माझ्या डोक्यात किडा शिरला, की ओरबाड्या नेमकं करतो तरी काय? मुळांनी काही देतो, की नुसती सावली धरतो आणि शेळ्यांना अडवतो? पुढच्या वर्षी चार नंबरमध्ये पुन्हा चाळीस रोपं लावली. वीस उघडी. विसांवर ओरबाड्याच्या मेलेल्या, वाळक्या फांद्या खोचल्या. नीट ऐका, मेलेल्या! उन्हाळ्यानंतर उघड्यांतलं एक राहिलं, वाळक्या काट्यांतली तेरा. बाई त्या उतारावर अक्षरशः उड्या मारत होत्या.

“मुकादम, हे तुम्हाला कोणी शिकवलं?”

“कोणीच नाही!”

मग त्यांनी मला सात नंबरच्या प्लॉटवर नेलं, पार खाली, ओढ्याकाठी. तिथे ओल भरपूर, ऊनही सौम्य. अर्धा प्लॉट साफ करा म्हणाल्या, नवं खुरपं देऊन. काय व्हावं? तिथे उघड्यावरची रोपं फोफावली आणि काट्यांतली किरटी राहिली! उतारावर जो सांभाळत होता, तोच ओढ्याकाठी उजेड आणि जागा खात होता. झुडूप तेच, रोप तेच, फक्त जागा बदलली. मी म्हटलं, “म्हणजे बाई, माझंही बरोबर होतं की!”

“अगदी बरोबर होतं,” त्या म्हणाल्या. “फक्त तीनशे फूट खाली.”

वर्षं गेली. उतारावरची झाडं ओरबाड्याच्या डोक्यावरून गेली, ऊन त्यांनी अडवलं आणि खाली ओरबाड्या वाळायला लागला. मला फार लागलं ते. ज्याच्या आडोशाला वाढली, त्याचाच उजेड खाल्ला? बाई म्हणाल्या, “वाईट वाटून घ्या. पण आधी मोजा.”

म्हणून मोजतो. साहेब, आपल्याला जो वाळका कचरा दिसतो, त्यात मी आज पहाटे वाकून पाहिलं. चार नंबरच्या वरच्या बाजूला, झाडांची सावली पोचत नाही तिथे, म्हातारपणाने वाळून मेलेल्या ओरबाड्यांच्या पोटात एकशे चौदा रोपं आहेत. आम्ही लावलेली नाहीत. आमच्या झाडांचं बी पडून आपोआप आलेली! पहिल्यांदाच! सोमवारी साफसफाई झाली, तर या उन्हाळ्यात त्यांचं काय होईल हे मला अंदाजाने सांगावं लागत नाही. मी ते एकदा करून पाहिलेलं आहे.

वाळका ओरबाड्याही कामाचा असतो. बाई, मी निवृत्तीबद्दल बोलत नाहीये, डोळे वटारू नका.

आज सकाळी बाईंनी टेबलाचा खण रिकामा केला. तळाशी वर्तमानपत्रात गुंडाळलेलं हे निघालं. माझं खुरपं! मुठीला चिठ्ठी बांधलेली आहे, ‘प्लॉट चार. अडतीस.’ हातात देताना म्हणाल्या, “घ्या, सोमवारी लागेल ना तुम्हाला?”

त्या एवढंच बोलल्या. मला पुरलं.

साहेब, भांडारात आणखी अकरा खुरपी आहेत, खोटं कशाला बोलू. पण माझ्या हाताला बसलेलं हे एकच, आणि ते मी आपल्यासमोर, या हारांशेजारी ठेवतोय. आपल्या खणात राहू द्या.

काय म्हणालात साहेब? साहेब विचारतायत, एकशे चौदा नक्की का? नक्की! काय? आधी दाखवा, मग पत्राचं बघू? मंडळी, ऐकलंत ना सगळ्यांनी? सोमवारी सकाळी साडेसहाला, साहेब. पूर्ण बाह्यांचा सदरा घाला. आणि बाई, निवृत्त झालात तरी यायचं. मोजायला दोघं लागतात.

संयोजकांचे आभार, आपण सगळ्यांनी ऐकून घेतलंत त्याबद्दल आपले आभार. पाचाची अकरा मिनिटं केली, ती पदरात घ्या. आणखी एक चूक राहिली आहे. तिची माफी अभिमानापायी वीस वर्षं तोंडातून निघाली नाही.

बाई, त्या अडतीस रोपांबद्दल मला माफ करा.