सासऱ्यांची दाढी

कापणार नाही म्हणजे? अगं, न्हाव्याच्या खुर्चीत बसलोय मी, गळ्याला कापड बांधून बसलोय, आणि तू म्हणतेस कात्री लावणार नाही — मग काय आरशात तोंड बघत बसू? तुझ्या बापानं कधी मला उलट उत्तर दिलं नाही, चिनात्सु. बसलो की गालाला फेस, फेस झाला की वस्तरा, वस्तरा झाला की मानेवर एक चापट — झालं, उठा. बोलायचाच नाही तो. मीही नाही बोलायचो. आता तो वरच्या मजल्यावर बेसबॉल बघत बसतो आणि तू खाली मला शिकवतेस — नाही, शिकव, शिकव, रागावलो नाही मी. माझं काम काय ते फक्त नीट ऐक. दाढी ठेवायची. पण मऊ करायची. आणि जरा नीटनेटकी, कारण दोन वाजता मला टेकडीवर जायचंय, वृद्धाश्रमात. रविवार आहे ना, तोमिएकडे जायचं. आठवते ना तुला माझी बायको? लहानपणी तुला पपनसाच्या सालीच्या पाकवलेल्या फोडी कोण आणून द्यायचं — तीच. तर मागच्या रविवारी तिला माझी दाढी टोचली. साधी नाही टोचली, ढकललंच तिनं मला, आणि मग जी रडायला लागली — म्हणून आज टोचता कामा नये. एवढंच काम आहे. बाकी तुला हवं ते कर.

काय? बोट लावू? कुठं, इथं? हे लावलं. टोचतंय की. आता खालून वर — आई गं, जास्तच टोचतंय. आता वरून खाली. आता नाही. बरं, मग? टोकं? कापलेली टोकं म्हणजे — थांब, सावकाश सांग, माझं वय बघ. केस आपला आपण वाढला की टोकाशी निमुळता होत जातो, हं, आणि कापला की टोक सपाट होतं, त्याला धार येते. आणि आखूड असला की वाकत नाही, ताठ उभा राहतो. बरं. पण डोक्याचेही केस तू कापतेसच, ते कुठं टोचतात कुणाला? हां — ते लांब असतात, वाकतात. आणि दाढीचा केस मुळातच जाड. आपल्याकडच्या माणसांचा तर तारेसारखा. बरं. बरं बरं. अरे देवा.

हसू नकोस, पण हे दुसऱ्या कुणाला नाही कळलं तर चालेल, मला कळायला हवं होतं. जन्मभर काय केलं मी? तातामीच शिवल्या ना, घरभर जमिनीवर घालतात त्या लव्हाळ्याच्या जाड चटया. लव्हाळ्याच्या काडीवरून हात फिरव, लोण्यासारखा फिरतो. लोक उघड्या पायांनी चालतात तिच्यावर, तान्ही पोरं गाल टेकून झोपतात. आणि तीच काडी काठाशी कापली की सुई. माझ्या हातांना विचार. म्हणून तर आम्ही काठाला कापडाची पट्टी शिवतो, उगाच शोभेला नाही शिवत — आणि मी काय केलं? दर शनिवारी आंघोळ झाली की आरशासमोर उभा राहून, ते छोटं यंत्र घेऊन, दाढी कातरली. एकसारखी. चटईच्या कडेसारखी सरळ. का, तर रविवारी जायचं तर व्यवस्थित जायला नको? तिथल्या मुली काय म्हणतील, बायको घरात नाही म्हणून म्हातारा कसाही राहतो. म्हणजे शनिवारी मी बसून धार लावायची आणि रविवारी ती धार तिच्या गालाला — आणि मला वाटत होतं दाढी वाईट आहे, माझ्या दाढीतच काहीतरी खोट आहे. दाढीला पट्टी कुठून शिवणार आता.

तेल? लावलं की. काय नाही लावलं ते विचार. औषधवाल्यानं घोड्याच्या चरबीचं तेल दिलं, म्हणाला वास अजिबात येत नाही. त्याला येत नसेल. बसमध्ये शेजारची बाई उठून पुढे जाऊन बसली. मग तांदळाचा कोंडा फडक्यात बांधून चोळला, कुणीतरी सांगितलं म्हणून. मग तोमिएची ती केसांना लावायची क्रीम — बाटली अजून न्हाणीघरात तशीच आहे, मी काही हलवलेली नाही — ती लावली एकदा. त्यानं दाढीचं काही झालं नाही, पण दिवसभर नाकाखाली तिचा वास — ते जाऊ दे. साबण? साबणानंच तर धुतो, रोज, घासून घासून, कढत पाण्यानं. नाही? साबणानंच कोरडी पडते? कातडीचं असलेलं नसलेलं तेलही जातं? बघ म्हणजे. जे करायला नको ते सगळं मी मन लावून केलंय, या कामात मला तोड नाही.

हं, सांग, ऐकतोय. आधी गरम टॉवेल, चांगली वाफ लागू द्यायची. केस ओले असतानाच तेल, कोरड्यावर नाही. हे कसलं, कॅमेलियाच्या बियांचं? एवढुसंच? तळहातावर चोळून, मग मुळाशी, नुसतं वरवर नाही. आणि कंगव्यानं खाली, खाली, नेहमी खाली. रोज. बरं. करीन. आणि यंत्र फेकून द्यायचं. देतो फेकून. मग किती दिवसांत मऊ होईल? — काय? महिने?

महिने कसे चालतील? दोन वाजता जायचंय मला.

नाही, तू नको चेहरा पाडू. तू काय करणार. कातरलेलं टोक पुन्हा निमुळतं होत नाही, ते झिजायचं नाहीतर वाढून वाकायचं, त्याला तू काय करणार. मलाही कळतं ते. पण महिने म्हणजे — तोमिएच्या बाबतीत महिने म्हणजे काय ते कुणी सांगत नाही. तिथले डॉक्टरही नाही सांगत, नुसतं हो हो करतात.

काय म्हणालीस? काढूनच टाकू? वस्तऱ्यानं, गुळगुळीत, तुझा बाप करायचा तशी? म्हणजे टोचायचा प्रश्नच नाही. हो. सरळ आहे. तुला सरळ वाटणारच, कारण तुला मी सांगितलेलं नाही. आणि सांगणारही नव्हतो, हे बोलण्यासारखं — तू टॉवेल गरम कर, इकडे बघू नकोस, मी सांगतो. गुळगुळीत होतोच ना मी जन्मभर? तसाच जायचो तिच्याकडे. सुरुवातीला ओळखायची. मग म्हणायला लागली, ते चटईवाले आलेत, त्यांना चहा द्या. मला वाटलं, ठीक आहे, चटईवाला तर चटईवाला, खोटं तर नाही. चहा प्यायचो आणि परत यायचो. मग एक दिवस घंटा वाजवून नर्सला बोलावलं, म्हणाली माझ्या खोलीत कुणीतरी म्हातारा येऊन बसलाय. माझ्यासमोर. ती हामासाकी नावाची मुलगी आहे तिथं, चांगली आहे बिचारी, ती मला म्हणाली, काका, जरा बाहेर थांबा. थांबलो. तेव्हापासून बाहेरच थांबायचो, दारातून बघायचो आणि यायचो.

आणि मग नागीण उठली मला गालावर. आठवतंय तुला, तू म्हणाली होतीस अंगावर काढू नका म्हणून. डॉक्टरांनी वस्तरा बंद केला, आणि टेकडीवर जायलाही बंदी, तिथं सगळी म्हातारी माणसं. बरी झाली तोवर ही एवढी वाढली, पांढरी. म्हटलं येताना उतरवू, पण आधी एकदा बघून तरी येऊ तिला. दारात उभा राहिलो नेहमीसारखा. आणि तिनं मान वर केली, आणि चिनात्सु, तिचा चेहरा — दिवा लावल्यासारखा. म्हणाली, बाबा, किती उशीर केलात.

सासरे माझे. होडीवर होते, आमाकुसा बेटांकडे. त्यांना ही अशी दाढी, अशी म्हणजे याच्या दुप्पट, कधी कात्री म्हणून लावली नव्हती त्यांनी, पार छातीपर्यंत. तोमिए लहानपणी त्या दाढीत गाल खुपसून झोपायची, लग्नाच्या वेळी तिची आईच सांगत होती. तर मी आत गेलो. आत बोलावलं होतं ना तिनं. बसलो. तिनं माझ्या गालाला हात लावला. आमच्यात नसतं गं तसं काही, लग्नाला एवढी वर्षं झाली, दिवसाढवळ्या असा हात — मी हललोसुद्धा नाही. सासरा म्हणून बसलो. काय करू? तू असतीस तर उठली असतीस?

सांगून बघितलं ना. तेही केलं. म्हटलं, तोमिए, अगं मी आहे, मीच. हसली. म्हणाली, बाबा, थट्टा पुरे, आमचे हे काही एवढे म्हातारे नाहीत.

तिला वाटतं ती माहेरी आलीय. बाळंतपणाला आली होती तशी. आणि मी, म्हणजे तो, न्यायला यायचाय. बाबांना सगळं सांगते माझ्याबद्दल. जेवताना तोंडाचा आवाज करतात. घरात तर बोलतच नाहीत, बाबा, भिंत परवडली. आता मला काय माहीत तिला बोलायला हवं होतं, मला वाटायचं गप्प बसतो म्हणून बरा चाललाय संसार. आणि मग म्हणते, पण हात फार छान आहेत त्यांचे, मी कधीकधी नुसती शिवताना बघत बसते. हे माझे हात. हे, बघ ना, चिरा पडलेले. आयुष्यात कधी म्हणाली नाही गं मला. मला ते सासऱ्याच्या दाढीमागे बसून ऐकावं लागलं. पण ऐकलं तरी. म्हणून रविवार कधी येतो असं व्हायचं, आणि म्हणूनच शनिवारी नटायचो तो मूर्खासारखा, यंत्र घेऊन.

मागच्या रविवारी काय झालं — हात धरून बसली होती, आणि नेहमीचंच तिचं, बाबा, हे कधी येणार मला न्यायला? दर वेळी मी म्हणतो, येतील, कामात असतील. त्या दिवशी फारच आशेनं बघत होती. माझ्या तोंडून निघून गेलं, पुढच्या रविवारी येतोय तो. नक्की? म्हटलं, नक्की. तर इतकी खूश झाली, लहान पोरीसारखी पुढे झाली आणि माझ्या दाढीत गाल खुपसला. जोरात. आणि झटक्यात मागे. गाल चोळत बघतच राहिली माझ्याकडे. म्हणाली, तुम्ही माझे बाबा नाही. कोण तुम्ही, माझे बाबा कुठं आहेत? ओरडून ओरडून बाबांना हाका मारायला लागली, आणि मी तिथंच उभा, ज्याला हाका मारतेय त्याचीच दाढी घेऊन. हामासाकीनं मला बाहेर नेलं. चहा दिला. मी चहा प्यायलो. काय करणार, दिला तर प्यायलो.

तर आता तूच बघ, काढू म्हणतेस. काढली तर मी खोलीत शिरलेला कुणीतरी म्हातारा. ठेवली तर बाबा, पण टोचणारा बाबा, म्हणजे तोही नाही. आणि ती वाट बघतेय ती माझी. माझीच बघतेय गं. त्या वेळी मी गेलो होतो न्यायला, अगदी ठरल्या दिवशी, सकाळच्या पहिल्या बोटीनं, धक्क्यावरच उभी होती ती बाळ घेऊन. आता इथून टेकडीपर्यंत बस जाते, आणि मला पोचता येत नाही.

नाही, मी ठीक आहे. तो फेस — फेस नाही लावलास अजून? मग काहीतरी गेलं असेल डोळ्यात. झाला का टॉवेल? तेल त्यानंतर ना, ओल्यावर, लक्षात आहे. थोडं जास्त लाव आज. आणि हे बघ, एक विचारतो, मग तोंड बंद करतो, तुझ्या बापाशी गप्प बसायचो तसा. ती आज गाल नाही टेकवणार कदाचित, भ्यायली असेल. पण सकाळपासून दाराकडे बघत बसली असेल. नक्की म्हटलं होतं ना मी. आत गेलो की पहिलं विचारेल, बाबा, हे आले का? त्याला मी काय — काही नको बोलूस. तू काय सांगणार.

दे तो टॉवेल. गालावर नुसता नको, वरपर्यंत घे. डोळ्यांवरूनही. हं. राहू दे तसाच.