गाळलेल्या ओळी

वहिनी : चहा नको मला, भाऊजी. सात नंबरच्या खाटेवरच्या आजी आयसीयूत आहेत.

दीर : अरे बापरे. काय झालं?

वहिनी : रक्तातलं पोटॅशियम सहा पॉइंट आठ, पाचाच्या आसपास हवं ते. माझ्या लॅबच्या मशीनवर लाल अक्षरांत उभं आहे. आणि वॉर्डातल्या पडद्यावर त्या जागी काही नाही. रिकामं! डॉक्टरांना वाटलं, तपासणी झालीच नाही. सकाळी हृदयाचे ठोके अडखळायला लागले तेव्हा सिस्टरनं मला फोन केला.

दीर : आता कशा आहेत?

वहिनी : वाचल्या. सिस्टरच्या कृपेनं, तुमच्या नाही. शनिवारी काय उद्योग करून ठेवलात?

दीर : सर्व्हर बदलला. नवा चौसष्ट बिटचा, आणि तुमच्या मशीनचा ड्रायव्हर जुना, बत्तीस बिटचा. दिवसभर एकच रडगाणं, ड्रायव्हर जुळत नाही, ड्रायव्हर जुळत नाही...

वहिनी : मला कळेल असं बोला.

दीर : ड्रायव्हर म्हणजे दुभाषा, वहिनी. लॅबचं मशीन बोलतं ते वॉर्डाच्या सॉफ्टवेअरला समजावणारा. जुना दुभाषा नव्या सर्व्हरच्या दारातच अडला. म्हणून नवा आणून बसवला. तो आत गेला, पण...

वहिनी : पण काय? गिळू नका.

दीर : त्याला तुमच्या मशीनचे दशांश वाचता येत नाहीत. साखर एकशे दहा, सरळ जाते. सहा पॉइंट आठ आलं की एरर.

वहिनी : एरर येत होती? मग दिसली कशी नाही कुणाला?

दीर : मी दिसू दिली नाही. एक पर्याय असतो, 'चुकलेली ओळ सोडून पुढे जा.' तो चालू केला. सोमवारी पाहणीला लोक येणार होते, आमच्या साहेबांना पडद्यावर सगळं हिरवं हवं होतं, एकही एरर नको. म्हटलं, मंगळवारी निवांत बघू.

वहिनी : ओळ? माणूस होतं ते! आणि आज गुरुवार आहे! तुमच्यासाठी शब्द टाकला मी या हॉस्पिटलात. 'माझा दीर आहे, कामाला वाघ आहे.' कुठल्या तोंडानं सांगितलं मी!

(दार न वाजवता साहेब आत येतात.)

साहेब : जिन्यापर्यंत आवाज येतोय. हे बघा मॅडम, मी वर कळवून टाकलंय. लॅबचं मशीन जुनं, तिकडूनच आकडा आला नाही. विषय संपला.

वहिनी : माझं मशीन? माझ्या मशीननं घसा फोडून सांगितलं, साहेब! कानात बोळे तुमच्या माणसानं घातले, तुमच्या हट्टापायी!

साहेब : मी फक्त हिरवं करा म्हटलं. कसं करा, ते नाही सांगितलं.

दीर : खरंय. केलं मीच. तसं लिहून देतो. आणि शनिवारी मी दोन दिवस मागितले होते, ते तुम्ही दिले नाहीत, तेही लिहितो.

साहेब : नोकरी जड झालीये का?

दीर : ते मागाहून बघू. आत्ता दुरुस्तीसाठी सर्व्हर दोन मिनिटं थांबवायचाय. हो म्हणा, नाहीतर तसाच थांबवतो.

साहेब : घाला काय गोंधळ घालायचा तो. मी मीटिंगला चाललो.

वहिनी : गेले. शेपूट घालून. किती वेळ लागेल?

दीर : जुना दुभाषा अजून इथेच आहे. तुमच्या लॅबचं एवढं एक काम बत्तीस बिटमध्ये चालवलं की तो बोलायला लागेल... झालं.

वहिनी : झालं? एवढंच होतं?

दीर : एवढंच. शनिवारी शोधलं असतं तर सापडलं असतं.

वहिनी : एक ठेवून द्यावीशी वाटतेय तुमच्या कानाखाली.

दीर : द्या.

वहिनी : गप्प बसा. किती आकडे गाळले होते?

दीर : दोनशे अकरा. आत्ता सगळे वॉर्डात पोचले. त्यात लाल नऊ, आजी धरून.

वहिनी : म्हणजे आणखी आठ. आहेत कुठे ते?

दीर : सहा जण वॉर्डात. दोघांना काल घरी सोडलंय.

वहिनी : सहांकडे मी पळते. त्या दोघांना फोन लावा.

दीर : मी? काय बोलू मी त्यांच्याशी, वहिनी?

वहिनी : आधी विचारा, बरं वाटतंय का. आणि उत्तर येईपर्यंत थांबा.